पदरचं वाक्य

आमच्या समोरच्या फ्लॅटमधले काका मनातलं काहीही स्वतःच्या शब्दांत बोलत नसत. चहा, रिक्षा, गॅसचा सिलिंडर यांच्यापुरती भाषा त्यांची. राग, लोभ, दुःख आलं की नाटक. उभी हयात रंगभूमीवर काढलेला माणूस. लेखकाने लिहिलंय तेवढंच बोलायचं, पदरचं एक अक्षर घालायचं नाही, हा त्यांचा बाणा. पनवेलला राहायला आल्यावर तो त्यांनी घरातही चालू ठेवला. दूधवाला उशिरा आला की ते नाटकातल्या जमीनदारासारखे गरजत, लिफ्ट बंद पडली की कुठल्याशा शोकांतिकेतला बाप होऊन जिने चढत. आम्ही विचारायचं, "काका, हे कुठल्या नाटकातलं?" ते नाव सांगून वर म्हणत, "दुसरा अंक, पहिला प्रवेश." यात त्यांची कधी चूक झाली नाही.

सिनेमात त्यांनी जज्ज, डॉक्टर, इन्स्पेक्टर सगळं करून पाहिलं होतं, पण पनवेलकरांनी त्यांना ओळखलं ते मालिकेतल्या खाष्ट सासऱ्यामुळे. गावभर ते सासरेबुवाच झाले. एकदा मी त्यांच्याबरोबर मासळी बाजारात गेले, तर गव्हाणहून येणारी कोळीण पाटीवर हात आडवा धरून म्हणाली, "सुनंला घराभायेर काडलास ना? तुला म्हावरा नाय देनार!"

काकांनी हात जोडले, मान खाली घातली. "बाई, मी गुन्हेगार आहे. शिक्षा फर्मावा!" डोळ्यांत चक्क पाणी.

कोळणीने माझ्याकडे बघितलं. "यो खरा रडतंय का गं?"

मला तरी काय ठाऊक? तिने गोंधळून दोन बोंबील जास्तच टाकले.

माझी पंचाईत तिच्यापेक्षा मोठी होती. काकू कधीच गेल्या होत्या, मूलबाळ नव्हतं. मालिकेचे संवाद पाठ करताना समोरच्या पात्राची वाक्यं मी वाचायची, अशा आमच्या संध्याकाळी जात. खिडकी लावून घ्यावी लागे, कारण न्हावा शेव्याकडे जाणारे कंटेनर नेमके काकांच्या पॉजमध्ये हॉर्न वाजवत. माझे वडील गेले तेव्हा काका आले, माझ्या डोक्यावर हात ठेवला, जरा थांबले आणि म्हणाले, "पोरी, एक बाप गेला म्हणून पोरकी होऊ नकोस. दुसरा दारात उभा आहे." त्या वाक्यावर मी ते दिवस काढले.

पुढे पनवेलच्या नाट्यगृहात त्यांच्या जुन्या नाटकाचा एकच प्रयोग लागला. मी हौसेने पुढच्या रांगेत बसले. शेवटच्या अंकात काका नाटकातल्या मुलीजवळ गेले, तिच्या डोक्यावर हात ठेवला, जरा थांबले आणि तेच वाक्य म्हणाले. टाळ्या पडल्या. मी वाजवल्या नाहीत. राग तर आला होता, पण काढायचा कोणावर? वाक्य त्या मुलीचंच होतं, मीच मध्ये घुसले होते. प्रयोगानंतर आत जाऊन विचारलं, तर रंग पुसत आरशातूनच म्हणाले, "मग? इतकं चांगलं वाक्य मला सुचणार होतं का?"

तेव्हापासून त्यांनी "पोरी" म्हटलं की मी मनात विचारायची, नक्की कोणाला? माझा तर त्यांच्यावर जीव जडला होता. त्यांचा माझ्यावर होता की नाही, एवढंच मला हवं होतं.

मग मालिकेत सासरेबुवांना एकाएकी मारून टाकलं. दुसऱ्या दिवशी चार बायका सांत्वनाला आल्या. सांत्वन कोणाचं करायचं ते त्यांना ठरवता येईना, शेवटी काकांनीच त्यांना चहा पाजला. पण काम गेलं तसे ते खचत गेले. एकट्याने राहणं जमेना, तेव्हा पुतण्या त्यांना पुण्याला न्यायला आला.

मे महिन्यातली दुपार. काका गाडीत बसले, मी खिडकीशी उभी. आता एखादं मोठं स्वगत येणार म्हणून मी रुमालही काढून ठेवला होता. त्यांनी काच खाली करून माझ्याकडे बघितलं.

"उन्हात उभी राहू नकोस, पोरी. मग तुझं डोकं दुखतं."

सवयीने मी विचारलं, "हे कुठल्या नाटकातलं, काका?"

"कुठल्या बरं?" ते कपाळ चोळत राहिले. "तिसरा अंक... छे. आठवत नाही गं."

इतके कावरेबावरे झालेले काका मी कधी पाहिले नव्हते. मला वाटलं, संपलं. आता नाटकंही विसरायला लागले. गाडी हायवेकडे वळली तरी मागच्या काचेतून ते आठवतानाच दिसत होते.

वर्षभरात काका गेले. पनवेलला शोकसभा झाली, तिला त्यांचा जुना प्रॉम्प्टर आला होता. काकांची सगळी नाटकं विंगेत बसून यानेच वाचलेली. मी त्याला गाठलं, ते वाक्य सांगितलं, नाटकाचं नाव विचारलं. म्हाताऱ्याने डोळे मिटले. ओठ हलत राहिले.

"नाही बाई," तो म्हणाला. "आमची सगळी नाटकं दिवाणखान्यात घडायची. तिथं ऊन कुठून येणार?" मग माझ्याकडे नीट बघून म्हणाला, "पदरचं घातलंय त्यांनी."

मी बाहेर आले. टळटळीत दुपार होती. सावली शोधली, तिथे उभी राहिले आणि पोटभर रडले.