प्राचार्यबाईंचा ण

नागपूरकडून लग्न होऊन मी विश्रांतवाडीत आले, तेव्हा माझ्या जिभेवर ण नव्हता. पानी, कोनी, म्हनून, सगळं न वरच भागायचं आणि तिकडे ते कुणाला खटकायचंही नाही. वस्तीतल्या जयंतीच्या नाटकांत मी आठवीपासून उभी राहत होते, त्यामुळे स्टेजची भीती ठाऊक नव्हती. पुण्यात मात्र पहिल्याच हौशी संस्थेतले दिग्दर्शक म्हणाले, "आवाज छान आहे आपला. कामवालीची भूमिका घ्या."

घेतली. पुढच्या नाटकातही कामवाली. मग भाजीवाली, मग पुन्हा कामवाली. सात वर्षांत मी पुण्याच्या रंगमंचावर इतकी भांडी घासली, की घरची घासायचा कंटाळा यायला लागला. मला राग यायचा आणि मी तो लपवत नव्हते. मला खुर्चीवर बसणाऱ्या बायका करायच्या होत्या. डॉक्टर, वकील, गेला बाजार घराची मालकीण तरी.

मग मी हट्टाला पेटले. रोज सकाळी पोळ्या लाटताना शेजारी वर्तमानपत्र उघडं ठेवून मोठ्याने ण घोटायचा. नवऱ्याची कारखान्यात पहिली पाळी असायची. डबा उचलताना तो म्हणायचा, "काय करून रायली? बातम्या देऊन रायली का?" मी त्यालाही दटावायचे, "पाणी म्हणा, पाणी." तो निमूटपणे पानी पिऊन निघून जायचा.

शेवटी मालकिणीची भूमिका मिळाली. पहिला प्रयोग. मी खुर्चीत, दिवे माझ्यावर, आणि वाक्य होतं, "या घरात आता माझं मन लागत नाही." ण इतका घोटलेला, की तोंडातून गेलं, "माझं मण लागत नाही." तिसऱ्या रांगेतले एक आजोबा शांतपणे म्हणाले, "किती मण? गव्हाचे की ज्वारीचे?" सगळं सभागृह हसलं. नाटक गंभीर होतं. मी तो अंक तसाच पार पाडला आणि आत जाऊन ढसाढसा रडले. दुसऱ्या प्रयोगाला मालकीण बदललेली होती आणि माझ्या हातात कामवालीचे संवाद ठेवले गेले. मी ते परत दिले आणि रिक्षा करून घरी आले.

दोन वर्षं कुणी बोलावलं नाही. मीही वाट बघत बसले नाही, दिसेल तिथे आवाजाची चाचणी देत हिंडले. गेल्या वर्षी एका ऑडिओ मालिकेसाठी हिंजवडीला बोलावणं आलं. बस बदलत, ट्रॅफिकमध्ये अडकत मी पोचले. दिग्दर्शिका माझ्या भाचीच्या वयाची. म्हणाली, "मावशी, ॲक्चुअली मेडचा रोल आहे. आम्हाला तो एकदम ऑथेंटिक हवाय."

टेबलावर दुसरेही संवाद पडले होते, कॉलेजच्या प्राचार्यबाईंचे. मुख्य भूमिका. मी ते उचलले. "आधी हे वाचते. मग काय ते ठरवा."

पहिल्याच वाक्यात पाणी होतं. ण जिभेवर तयार होता, आता तो चुकतही नव्हता. मी तो वापरला नाही. माईकसमोर ताठ बसून वाचलं, "तीन दिवस झाले, मुलींच्या होस्टेलला पानी नाही, आणि मले कोनी सांगत नाही?"

तिने हात वर करून थांबवलं. "मावशी, प्रिन्सिपल आहे ती. अशी कशी बोलेल?"

"मी शिकले त्या कॉलेजच्या प्राचार्यबाई अशाच बोलायच्या," मी म्हणाले. "त्या खोलीत आल्या की प्राध्यापक उठून उभे राहायचे."

तिने माईक माझ्याकडे सरकवला. मग म्हणाली, "परत वाचा." मी परत वाचलं, आणखी सावकाश, एकाही न चा ण न करता. या वेळी तिने मला मध्ये थांबवलं नाही. पान संपल्यावर विचारलं, "मग मेड कोण करणार?"

"पुण्याची एखादी बघा," मी म्हणाले. "शुद्ध बोलणारी."

ती हसली नाही. तिने ते लिहून घेतलं.