गाइडसाठी चार ओळी

रविवार, २४ मार्च २०१९, दुपारी साडेबारा. लिक्सलिप, आमचं घर. हजर: मी, बायको, आमची सोळा वर्षांची मुलगी, आणि कॉर्कहून सकाळी निघून आलेले माझा कॉलेजचा मित्र व त्याची बायको. जेवायला मसालेभात, टोमॅटोचं सार, काकडीची कोशिंबीर, श्रीखंड कॉर्कहून. कार्यक्रम: जेवण, मग बायकोच्या व्हिएतनामच्या सहलीचे फोटो, मग चहा. पाहुणे पाचला निघणार, कारण मित्राची सोमवारी पहाटेची शिफ्ट.

हे मी वहीत लिहून ठेवतो. चिप बनवणाऱ्या कारखान्यात यंत्रांच्या देखभालीचं वेळापत्रक आखणं हे माझं काम आहे. घरीही तेच चालतं, त्याशिवाय मला चैन पडत नाही.

व्हिएतनामला ती माझ्याशिवाय गेली होती. कॉलेजातल्या तिघी मैत्रिणी एकाच वर्षी पन्नाशीच्या झाल्या. एक पुण्यात, एक सिंगापुरात आणि ही इथं आयर्लंडमध्ये. तिघींनी ठरवलं, नवरे नकोत, मुलं नकोत, आठ दिवस लांब कुठेतरी भेटायचं. माझी काहीच हरकत नव्हती. उलट सगळा आराखडा मीच करून दिला. दोन पानं, दोन्ही बाजूंनी छापलेली. चौथ्या दिवशी दा नांगजवळच्या संगमरवरी डोंगरांची गाइडसह सहल होती. तिथं मी लिहिलं होतं: ‘सकाळी आठला हॉटेलवरून गाडी. टोपी, पाणी, गुडघ्याचा पट्टा. वर लिफ्टने जाणे. पायऱ्या चढू नयेत.’ शेवटच्या वाक्याखाली दोन रेघा मारल्या होत्या.

जेवणं झाल्यावर मुलीनं आईचा फोन टीव्हीला जोडला. पहिले तीन दिवस वीस मिनिटांत संपले: होड्या, कंदील, तिघींच्या ताटल्या. मग डोंगर आले. समुद्राजवळच्या सपाट जमिनीतून पाच डोंगर एकदम वर उठलेले, गर्द झाडीचे, मधेमधे पांढरा दगड उघडा पडलेला.

“धातू, लाकूड, पाणी, अग्नी आणि माती,” बायको बोटांवर मोजत म्हणाली. “अशी नावं आहेत पाचांची. आम्ही पाण्याच्या डोंगरावर गेलो. देवळं आणि गुहा त्याच्यावरच जास्त.”

“म्हणजे आपली पंचमहाभूतंच की,” मित्राची बायको म्हणाली.

“आपल्यात लाकूड कुठाय?” मित्र म्हणाला. “आणि आकाश कुठं गेलं यांचं?”

“मी पण तेच विचारलं. तर आमचा गाइड म्हणाला, वर चला, दाखवतो.”

‘आमचा’ हा शब्द मी ऐकला. नोंद घेण्यासारखं काही नव्हतं. गाइड तिघींचा होता, पैसे तिघींनी भरले होते.

पुढच्या फोटोत दगडी पायऱ्या होत्या, उंच, दोन्ही बाजूंना झाडं. पायऱ्यांच्या मध्यावर माझी बायको उभी होती. केस विस्कटलेले, टोपी हातात, तोंड उघडं टाकून हसत होती. बाकी दोघी फोटोत नव्हत्या.

मी काढलेल्या फोटोंत ती अशी दिसत नाही. मी सगळ्यांना रांगेत उभं करतो, सूर्य मागे येणार नाही असं बघतो, एक-दोन-तीन म्हणतो. माझ्या फोटोंत ती डोळे बारीक करून उभी असते.

“हा कोणी काढला?” मी विचारलं.

“त्यानं.”

“आणि त्या दोघी?”

“त्या लिफ्टनं गेल्या. लिफ्टला ही रांग होती, दोन बस भरून माणसं आलेली. त्यानं सांगितलं, पलीकडून पायऱ्या आहेत, दीडशेच्या वर आहेत, हवं तर तिथून. त्या म्हणाल्या, आम्ही नाही बाई. मी म्हटलं, जमतील तेवढ्या चढते. मग त्यांना रांगेत उभं करून तो माझ्याबरोबर आला.”

“तू चढलीस?”

“सगळ्या.”

“गुडघा?”

“होता की बरोबर,” ती म्हणाली आणि पुढचा फोटो लावला.

इथं मागचं सांगायला हवं. जून २०१५ मध्ये मी तिला विक्लोमधल्या शुगरलोफ डोंगरावर घेऊन गेलो होतो. फार मोठा नाही, शाळेतली मुलं पळत चढतात. वर पोचून मी मागे वळलो तर ती नव्हती. खाली गाडीत बसली होती. गुडघा, म्हणाली. मी त्याच आठवड्यात डॉक्टरची वेळ घेतली, फिजिओथेरपी लावली, पट्टा मागवला. फिजिओला काही सापडलं नाही. तरी तेव्हापासून मी प्रत्येक सहल गुडघा धरूनच आखली. तळमजल्याची खोली, लिफ्ट, सपाट रस्ता. डोंगरावर मी शनिवारी कंपनीतल्या गटाबरोबर जातो आणि ती कधी आलीच तर थर्मास घेऊन गाडीत बसते. चार वर्षांत तिनं एकदाही डोंगराचं नाव काढलं नव्हतं. मला वाटायचं, तिला ते आवडतच नाही. मला ती बरोबर यायला हवी होती, पण गुडघ्यापुढं काय बोलणार.

आणि ही एका परक्या माणसाबरोबर दीडशे पायऱ्या चढून वर गेली होती.

फोटो चालूच होते. देवळाचं अंगण, कुंड्यांत वाकवलेली छोटी झाडं. मग सगळ्यात मोठी गुहा. दाराशी दगडी रखवालदार, आत उतरायला पायऱ्या आणि खाली केवढं तरी दालन. छताला भोकं पडलेली, त्यांतून ऊन तिरकं खाली येत होतं आणि उदबत्तीच्या धुरामुळे ते चक्क दिसत होतं. समोर कातळात उंचावर बुद्ध बसलेला.

“आपल्या लेण्यांसारखं नाही हे,” बायको म्हणाली. “माणसांनी खोदलेलं नाही. गुहा आधीच होती, देव मागून राहायला आला.”

“हे पण गाइडच म्हणाला?” मी विचारलं.

“नाही. हे मी म्हणाले.”

मित्र उगाच खोकला. त्याची बायको म्हणाली, “भावोजी, श्रीखंड घ्या अजून. आंबट लागलं का तुम्हाला?”

त्यानंतर एक अरुंद गुहा होती. तिच्यात वर जायला भोक होतं, खडकाला धरून, जवळजवळ रांगत चढायचं. तिथला फोटो खालून काढलेला होता. बायकोच्या बुटांचे तळवे आणि वर उजेड. मग ती माथ्यावर, मागे समुद्र. तोपर्यंत मैत्रिणीही येऊन पोचल्या होत्या आणि त्यांच्याबरोबर एकदाचा गाइड दिसला. आमच्याच वयाचा, बारीक चणीचा माणूस. निळी छत्री, पांढरा शर्ट, पुढचा एक दात किंचित तुटलेला. मी त्याच्याकडे नको तेवढा वेळ बघत राहिलो.

“एवढं काय आहे त्याच्यात?” मी म्हणालो. मोठ्यानं म्हणायचं नव्हतं.

“बाबा, यू आर सो जेलस,” मुलगी म्हणाली.

सगळे हसले. मीही हसलो आणि चहा टाकायला उठलो. चहाचा डबा ज्या कपाटात बारा वर्षं आहे तिथंच होता, तरी मी दुसरी दोन कपाटं उघडली. मुलीचं म्हणणं बरोबर होतं. मला त्या माणसाच्या छत्रीचासुद्धा राग आला होता.

पाहुणे ठरल्याप्रमाणे पाचला गेले. कुकर आणि मोठं पातेलं हातानं घासायचं होतं. मी घासत होतो, ती पुसत होती.

“शुगरलोफला गुडघा दुखला नव्हता?” मी विचारलं.

“दुखला होता. पण गुडघ्यासाठी नाही उतरले मी.”

“मग?”

तिनं पातेलं पुसून ओट्यावर ठेवलं. “तू पुढे जायचास. पुढे जाऊन थांबायचास. मी धापा टाकत पोचले की म्हणायचास, चला. तोवर तुझा दम खाऊन झालेला असायचा. माझा कधी व्हायचाच नाही. आणि वर प्रत्येक वेळी अजून किती राहिलंय ते सांगायचास.”

“तेवढंच बरं वाटावं म्हणून सांगत होतो.”

“माहीत आहे रे. पण मला नाही वाटलं बरं. तिसऱ्यांदा तू चला म्हणालास तेव्हा मी मनात म्हटलं, जा तू. आणि वळले.”

“मला सांगायचंस.”

“सांगणार होते. तेवढ्यात तू डॉक्टरची वेळ घेतलीस.”

मी कुकरची रिंग दुसऱ्यांदा धुतली. मग विचारलं, तो काय करत होता. विचारायला नको होतं, पण विचारलं.

“काही नाही. एक पायरी मागून चालायचा. मी थांबले की थांबायचा आणि काहीतरी दाखवायचा. सरडा, दगडात कोरलेली अक्षरं, खालची दुकानं. मला दम लागलाय असं एकदाही म्हणाला नाही. मी निघाले की निघायचा.” मग ती म्हणाली, “बरं झालं आठवलं. त्यानं कार्ड दिलंय. कंपनीच्या साइटवर दोन शब्द लिहा म्हणाला, नाव घेऊन. चांगलं लिहिलं की त्यांना कामं मिळतात म्हणे. तू लिही ना.”

“मी? मी कुठं होतो तिथं?”

“मी सांगते तुला. असले फॉर्म घरात कोण भरतं? तूच ना? चार ओळी लिही.”

खरं होतं. विम्यापासून शाळेच्या सहलीपर्यंत सगळे फॉर्म मीच भरतो. मी वहीत लिहिलं: ‘गाइडचा रिव्ह्यू. बुधवारपर्यंत.’

बुधवारी बसलो. पाच तारे होते, पाचही दिले. त्यात कंजूषपणा केला नाही. खालच्या चौकटीत लिहिलं की गाडी ठरलेल्या वेळी आली, पिण्याचं पाणी पुरवलं, गाइडला परिसराची माहिती चांगली होती, आणि सहल वेळेत संपली. बायकोनं खांद्यावरून वाचलं.

“मशीन तपासून आलायस का? पायऱ्यांचं लिही की.”

“काय लिहू?”

“मी सांगितलं ते.”

मी ते पुसलं. मग ‘हे गृहस्थ’ असं लिहिलं आणि तिथंच थांबलो. पुढचं वाक्य मला येत होतं. ते लिहायचं म्हणजे जे मी चार वर्षं केलं नाही ते दुसऱ्यानं एका सकाळी केलं, असं माझ्या हातानं, माझ्या इंग्रजीत, जगाला कळवायचं. वर पाच तारे.

पुढच्या रविवारी आम्ही कालव्याकाठी फिरायला गेलो. मी ठरवून एक पाऊल मागे राहिलो. शंभर पावलं गेलो असू.

ती वळली. “काय रे, बरं नाही का?”

“ग्रँड आहे.”

“मग मागे काय चालतोयस?”

“असंच.”

ती पुन्हा निघाली. पुलाच्या चढावर थांबली, तसा मीही थांबलो. आता काहीतरी दाखवायला हवं होतं. आजूबाजूला पाहिलं. “ते बघ, बदक.”

“बदकं रोज असतात,” ती म्हणाली. पण माझ्याकडे नीट बघितलं, आणि मला वाटतं तिला कळलं, कारण उरलेला रस्ता ती हसू दाबत चालली. मी मागे राहून चालणं किती कठीण असतं ते त्या दिवशी शिकलो. पाय आपोआप पुढे जातात. दोनदा मी तिच्या टाचेवर बूट दिला.

घराशी आल्यावर मी विचारलं, उन्हाळ्यात शुगरलोफला येशील का. पट्टा नाही, घड्याळ नाही, परत कधी यायचं ते तू ठरव.

कुलपात किल्ली फिरवत ती म्हणाली, “त्या बिचाऱ्याचं लिहिलंस?”

“अर्धं झालंय.”

“आधी ते पुरं कर. मग बघू डोंगराचं.”

तिनं हे चिडून म्हटलं नाही. पण गमतीतही म्हटलं नाही.

एप्रिलच्या मध्यात कंपनीचं स्मरणपत्र आलं, मग मेच्या सुरुवातीला दुसरं. दोन्ही तिनं मला पुढे पाठवली, वर एक शब्द न लिहिता. आतापर्यंत पाच वेळा बसलो आहे. तीनदा तिनं सांगितलेलं तसंच्या तसं टाइप केलं, वाचलं, आणि पुसलं. एकदा तर त्याच्या नावाचं स्पेलिंग तपासण्यात पाऊण तास घालवला. काल मुलीला म्हटलं, तू लिहितेस का, तुझं इंग्रजी माझ्यापेक्षा चांगलं आहे. ती म्हणाली, “नो वे, बाबा. दॅट्स युअर्स.”

वहीत या आठवड्याची सात कामं आहेत. गाडीचं सर्व्हिसिंग झालं, गवत कापलं, मुलीच्या दातांच्या डॉक्टरची वेळ घेतली, बॉयलर तपासून घेतला, भारतातून आलेलं पार्सल आणलं, तळघरासारख्या झालेल्या शेडमधला पसारा काढला. सहांवर खुणा आहेत.

सातवं काम: गाइडचा रिव्ह्यू लिहिणे. पाच तारे दिलेले आहेत. चौकट रिकामी आहे.