मायच्या उशीतला कापूस

नांदेडच्या गादीवाल्या चाचीचे उपकार आधी लिहिते, मग बाकीचं. मी देवणीकडची, सातवीत शाळा सुटलेली. तिच्या दुकानात खोळी शिवते.

माय गेली तेव्हा रिवाजाप्रमाणे तिचं अंथरूण टाकून दिलं. उशी तेवढी मी लपवून इकडं आणली. माय म्हणायची, "झोपलेल्या माणसाच्या जिवाचे कण उशीत उतरतात, सपनं त्यांच्यातच राहतात." पण रोज त्या उशीवर डोकं टेकूनही माय सपनात येईना, झोपही लागेना. कापसाच्या गाठी झाल्या होत्या आणि पिंजायची मला भीती. यंत्रात कापूस घातला की धूळ पंख्यानं बाहेर जाते. त्या धुळीबरोबर माय गेली तर?

शेवटी चाचीला सांगितलं. वाटलं, हसेल. तिनं यंत्र बंद केलं, दार लावलं, डोक्यावरचा पंखाही थांबवला.

"हातानं मोकळा करू. गर्मी लई होईल, बघ."

"चाची, तुम्हाला दमा हाय."

"हाय तर हाय. तू रडून राहिलीस ते बघवत न्हाई, बेटा."

खोकत खोकत ती बोटांनी एकेक गाठ सोडवत राहिली. चादरीवर पडलेली धूळही तिनं गोळा करून खोळीत भरली.

त्या रात्री त्या उशीवर झोप लागली. सपनात माय आली नाही. आमचं अंगण मात्र आलं, नुकतंच सारवलेलं, ओलं. जाग आल्यावर मी खूप रडले.

हे मी कधीतरी फेडीन. चाचीच्या उशीच्या गाठी मीच सोडवीन, दार लावून, एकही कण न सांडता.