वडिलांचा खाकी कोट

आमच्या पनवेलच्या घरात दारामागच्या खुंटीला वडिलांचा खाकी कोट टांगलेला असे. सरकारी कोट. ज्याच्या मापाने तो शिवला तो माणूस तालमीत जाणारा असावा, कारण वडील त्यात शिरले की नुसता कोटच रस्त्याने चाललाय असं वाटायचं. "अंगापेक्षा बोंगा मोठा," आई म्हणायची, आणि वडील निमूटपणे बाह्या दुमडत बसायचे. ते तालुक्यातल्या गावोगाव फिरून देवी टोचत. देवीचा रोग आता राहिला नाही, म्हणून नातवंडांना सांगावं लागतं की अंगभर फोड येत, माणूस जगला तर चेहऱ्यावर वण राहत, कधी डोळे जात, आणि तो येऊ नये म्हणून लहानपणीच दंडावर लस टोचत. पोरं रडत, म्हणून वडील कोटाच्या खिशात गुळाचे खडे ठेवत. खुंटीवरच्या त्या कोटाला बारमाही मुंग्या असत.

बाजाराच्या आदल्या संध्याकाळी आमच्या पडवीत एक मावशी मुक्कामाला यायची. तिची वाडी चिरनेरकडच्या डोंगराच्या कडेला. वालाच्या शेंगा, तोंडली, दिवस असतील तेव्हा करवंदं, असं डोक्यावर घेऊन ती एवढं अंतर चालत येई. सोबत तिची मुलगी. ती मुलगी माझ्याच वयाची, माझी मैत्रीण. तिच्याइतकी धीट पोरगी मी पनवेलात पाहिली नव्हती. चिंचेवर चढायची, पिसाळलेल्या बैलाला हूल द्यायची, आणि माझ्या शाळेच्या पुस्तकातली चित्रं उलटी धरूनसुद्धा गोष्ट बनवून सांगायची.

तिनेच मला 'खाकी-खाकी' शिकवलं. तिच्या वाडीतल्या पोरांचा खेळ. एकाने खाकी व्हायचं आणि फाटकाशी उभं राहायचं. तो दिसला की बाकीच्यांनी हातातलं टाकून पळायचं. एवढंच. मला तो खेळ मुळीच पटला नाही. आमच्या खेळात राज्य घेणारा मागे धावतो, कोणाला तरी शिवतो. यांचा खाकी जागचा हलतच नसे. शिवाय ओरडायचं नाही. ज्याच्या तोंडून आवाज निघाला तो बाद. आणि पळताना जे लहान पोर हाताशी येईल ते उचलायचं, आपलं भावंड शोधत बसायचं नाही. सगळ्यांत उशिरा परत येईल तो जिंकला.

"आणि खाकीने काय करायचं?" मी विचारलं.

"त्याने कशाला काय कराला पायजे? तो आलाय ना!" ती म्हणाली.

मी हसले होते. वडीलही ओटीवर बसून ऐकत होते, ते हसले नाहीत. रात्री जेवताना त्यांनी आईला सांगितलं ते मला कळलं तेवढं असं. तीस साली, इंग्रजांच्या राज्यात, चिरनेरच्या जंगलात लोकांनी सत्याग्रह केला आणि त्यांच्यावर गोळीबार झाला. मग आसपासच्या वाड्यावस्त्यांवर पोलीस फिरू लागले. मावशी तेव्हा परकरी पोर. तिच्या बापाला अंगणातून फरफटत नेलं आणि पुष्कळ महिन्यांनी सोडलं. परत आला तो माणूस पुन्हा कधी मोठ्याने बोलला नाही. घरात कोयता उघड्यावर ठेवीना, पेंढ्यात लपवून ठेवी. तेव्हापासून बांधावर खाकी दिसलं की वाडी रिकामी होई. मला मैत्रीण भेटली तेव्हा स्वातंत्र्य येऊन चार-पाच वर्षं होऊन गेली होती. तिने गोळीबार पाहिला नव्हता, तिच्या वयाच्या कोणीच पाहिला नव्हता. पण पळायचं कसं ते सगळ्यांना येत होतं, चालायला शिकल्याबरोबर.

वडील वर्षानुवर्षं त्या वाडीत गेले की हात हलवत परत यायचे. चुली पेटलेल्या, भात रटरटतोय, माणूस एक नाही. मग एका हिवाळ्यात उरणच्या बाजूला देवीची साथ लागल्याची बातमी आली. मावशी मुक्कामाला आली तेव्हा वडील बंडी आणि धोतरात तिच्यासमोर बसले आणि म्हणाले, "बाय, पोरीला आत्ता इथेच टोचून टाकतो. लस घरात आहे."

मावशीने मान हलवली. "एकलीला नको, दादा. वाडीची पोरं उघडी नि माझीच झाकलेली? उद्या कोनाच्या घरी काय जाला तं मी तोंड कसा दाखवू?"

वडिलांनी समजावलं, आईने समजावलं. ती ऐकेना. तिचं म्हणणं एकच, टोचायचं तर सगळ्यांना. "तुमी या. असेच या, घरच्या कपड्यात. मी सगली पोरं वट्यावर बसवून ठेवतंय. मी सांगितलं तं कोन नाय पलनार." वडिलांना तिचं म्हणणं पटलं. खरं तर आनंदच झाला त्यांना. इतक्या वर्षांत वाडीने पहिल्यांदा या म्हटलं होतं. जायचा दिवस ठरला. मैत्रीण मला म्हणाली, "पयली मी टोचून घेनार. मी नाय रडनार." मी तिला सांगितलं की गूळ डाव्या खिशात असतो.

ठरलेल्या दिवशी वडील धोतर नेसून निघतच होते, तेवढ्यात जिल्ह्याहून मोठे साहेब आले. साथीच्या गावांची पाहणी. साहेबांनी वडिलांना वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि विचारलं, "तुम्ही सरकारी कामाला निघालात की लग्नाला?" वडिलांनी कोट घातला. साहेबांबरोबर दोन शिपाई होते, पोलिसातले. टोचून घ्यायला कोणी आढेवेढे घेतले तर दम भरायला. त्या वाडीची ख्याती साहेबांच्या कानावर गेली होती.

पुढचं वडिलांनी आम्हाला पुष्कळ वेळा सांगितलं, दर वेळी त्याच शब्दांत. वाडीच्या अलीकडे बांध लागतो. तिथे ते साहेबांना म्हणणार होते की पोलिसांना इथेच थांबवू, मीही कोट काढतो, आधी एकटा जातो. शब्द तोंडापर्यंत आले होते. पण साहेब घामाने त्रासलेले, आदल्याच आठवड्यात कोणाला तरी नोकरीवरून काढलेलं, आणि आमचं घर त्या एका पगारावर. वडील गप्प राहिले. बांध चढले. समोरच्या ओट्यावर सगळी पोरं खरंच ओळीने बसलेली होती, तेल लावून, भांग पाडून. मावशी त्यांच्यापुढे उभी होती. तिने वर पाहिलं. वडील म्हणत, "तिने मला ओळखलं. मी हात वर केला, ती हसलीसुद्धा. आणि पुढच्या क्षणी ओटा रिकामा."

एक आवाज झाला नाही. मावशीने हाताशी आलेलं कोणाचं तरी पोर काखोटीला मारलं, तिच्या मुलीला दुसऱ्याच बाईने ओढून नेलं. साहेब म्हणाले, "अडाणी लोक," आणि माघारी वळले. लस उन्हात टिकत नसे. त्या दिवशीची वाया गेली. नवी यायला वेळ लागला.

मावशी पुढच्या बाजाराला आली ती पडवीत चढलीच नाही. अंगणात उभी राहून वडिलांच्या पायांकडे बघत होती. वडील म्हणाले, "बाय, मीच होतो ना गं. पाहिलंस ना मला?"

"डोल्यांनी वलखला तुमाला, दादा," ती म्हणाली. "पायांनी नाय वलखला."

नवी लस आली की मी एकटा येईन, असं वडिलांनी तिला सांगितलं. तिने बरं म्हटलं. आई आतून म्हणाली की निदान पोरीला पाठव इकडे, आणि मावशीने पुन्हा तेच सांगितलं, एकलीला नको. मला आजही त्या बाईचा राग येतो, आणि येतो त्याच वेळी तिच्यापुढे मान खाली जाते.

लस यायच्या आधी देवी वाडीत शिरली. वडील धोतर नेसून गेले तेव्हा घरात देवी आल्याची खूण म्हणून दारांना कडुलिंबाचे डहाळे लागलेले होते. या वेळी कोणी पळालं नाही, पळण्याची ताकद नव्हती आणि गरजही. तीन घरांतली पोरं गेली. माझी मैत्रीण वाचली, पण दोन्ही डोळे गेले. वडील ते सांगताना खुंटीकडे पाहत होते. नंतर निवृत्त होईपर्यंत त्यांनी तो कोट अंगात घातला नाही. पिशवीत घालून नेत, साहेब असले की हातावर घेत, आणि त्यावरून बोलणी खात. खिशातल्या गुळाचा पार चिकटा झाला होता. आईने कोट धुवायला घेतला तर म्हणाले, राहू दे.

मी बरीच वर्षं राग कोणावर धरू ते शोधत होते. साहेबांवर धरावा, तर त्यांना बिचाऱ्यांना चिरनेर म्हणजे नकाशावरचा ठिपका. गोळी घालणारे कधीच निघून गेले होते. नवं राज्य आमचंच होतं, शाळेवर आमचाच झेंडा. पण राज्य बदलताना कपडे बदलायचं कोणाला सुचलं नाही. तलाठ्याचा शिपाई खाकी, जंगलखात्याचा राखणदार खाकी, आणि ज्याच्या खिशात गूळ तो माझा बापही खाकी. दुधाने तोंड पोळलं की माणूस ताकही फुंकून पितो, असं लोक हसून म्हणतात. ज्यांनी दूध पाहिलंही नाही त्यांचीही तोंडं पोळलेली असतात, आणि त्यांना कोणी अडाणी म्हटलं की मी अजून भांडते.

मैत्रीण पनवेलला यायची थांबली. मावशीचं येणंही कमी झालं, मग ती वारलीच. मी शिकून नर्स झाले. साठ सालानंतर देवीची मोठी मोहीम निघाली तेव्हा आमच्या पथकाला डोंगराकडच्या वाड्या मिळाल्या, त्यांत मैत्रिणीचीही. मी पांढऱ्या लुगड्यात, बरोबरचे चौघे खाकीत. मी आमच्या मुख्य माणसाला सांगून पाहिलं की तुम्ही बांधाखाली थांबा. तो म्हणाला, "बाई, कुठल्या जमान्यात आहात? आता कोण पळतंय!"

बांध चढलो. वाडी रिकामी होती. चुलीवर भात रटरटत होता.

पण या वेळी ओट्यावर कोणीतरी होतं. देवीच्या वणांनी भरलेला चेहरा, मिटलेले डोळे, माझ्याच वयाची बाई. मांडीवर एक तान्हं, दुसरं पाठीशी, आणि भोवती सातआठ पोरं, तेल लावून, भांग पाडून. माझा आवाज ऐकताच तिने मान वळवली. "तू का गं? ये. वट्यावर ये."

मी तिचा हात धरला. मीच रडू लागले. ती मात्र हसली.

"सगली पल्ली ना?" ती म्हणाली. "त्यांनी तरी काय कराचा? पाय थांबत नाय त्यांचे. म्हनून आता ठरवलाय. पोरं माज्यापाशी सोडाची नि आपन पलाचा. मना खाकी दिसत नाय ना." मग मांडीवरच्या तान्ह्याचा दंड माझ्याकडे केला. "हिला पयली. ही नाय रडनार."

आम्ही सगळ्यांना टोचलं. ती एकेकाला घट्ट धरून कानात काहीतरी सांगत होती. खाकीतले चौघे ओट्याभोवती वावरत होते, बुटांचा आवाज होत होता. त्यांची पाठ फिरली आणि ते बांधापलीकडे गेले, तेव्हा झाडीतून एकेक माणूस परतू लागलं. तिने विचारलं, "तुझे बाबा हायेत?" आहेत म्हटलं. "सांग त्यांना, सगल्यांना टोचलं म्हनावं. एकलीला नाय."

घरी आले तेव्हा वडील ओटीवर बसले होते, थकलेले, कानाने मंद झालेले. मी मोठ्याने सगळं सांगितलं. ओळीने बसलेली पोरं, तेल, भांग, तिचा निरोप. त्यांनी दोनदा ऐकून घेतलं. मग त्यांनी एकच विचारलं, "आणि ती? ती घाबरली नाही ना?"

"नाही," मी म्हणाले. "बसून होती."

ते समाधानाने मान हलवत राहिले. बूट बांधापलीकडे जाईपर्यंत तिच्या पायांची बोटं ओट्याच्या सारवणात रुतलेली होती आणि नखांत माती भरली होती, हे मी त्यांना सांगितलं नाही.