कॅम्पातला त्स्वाना पाटील

"मी शेवटी बोलेन," असं म्हणून तो आपली खुर्ची खाली ठेवायचा. खुर्ची कसली, हातभरही उंच नसलेलं बैठं आसन. केबलच्या रिकाम्या रिळाच्या फळ्या आणि नायलॉनची दोरी वापरून त्याने ते स्वतः बनवलं होतं. जेवणाच्या शेडमध्ये बाकं होती, तरी हा खुर्ची काखोटीला मारूनच यायचा. चहात साखर किती असावी यावर वाद पेटला, तरी सगळ्यांचं बोलून होईपर्यंत हा गप्प. तोवर चहा गार झालेला असायचा.

अशी माणसं तुम्हीही पाहिली असतील. घाई कशाचीच नाही, आणि आपण त्यांच्यासमोर उगाचच भराभर बोलत सुटतो.

सत्तरचं दशक सरत आलं होतं. कतारमध्ये, दोह्याच्या दक्षिणेला, समुद्राच्या काठी आमचा कॅम्प होता. मी साइट ऑफिसात टाइमकीपर, म्हणजे हजेरी मांडणारा कारकून. कॅम्पात कोकणातले फिटर होते, मराठवाड्यातले वेल्डर होते, ड्रायव्हर होते, आणि या सगळ्यांत हा एकटा आफ्रिकेचा. बोत्स्वाना नावाचा देश आहे हे आम्हाला त्याच्याकडूनच कळलं. बरीच वर्षं तो जोहान्सबर्गकडच्या खाणींत होता, तिथून क्रेनच्या कामावर इकडे आला. आमची बोली म्हणजे कॅम्पातली हिंदी आणि मोडकंतोडकं इंग्रजी. इथे मी ते मराठीत लिहितो आहे.

त्याच्या त्स्वाना लोकांत प्रत्येक कुळाचं एक जनावर असतं आणि त्याला कुणी इजा करत नाही. याचं कुळ मगरीचं. मी म्हटलं, आमच्यातही देवक असतं, माझं कळंब. त्याला इतका आनंद झाला की काय सांगू! माणसाला मान द्यायचा तर त्याला कुळाच्या नावाने हाक मारायची, ही त्यांची रीत. तेव्हापासून मी त्याच्यासाठी 'कळंब' झालो. मला लग्नाच्या बायकोनेही इतक्या आदराने हाक मारलेली नाही.

आमच्या लोकांनी त्याचं नाव पाटील ठेवलं, कारण तो खरंच पाटलाच्या घरातला होता. त्याचा बाप गावातल्या एका वस्तीचा मुखिया होता. बाप वारला तेव्हा हा खाणीत, म्हणून गादी चुलत्याने सांभाळली. "चुलता राखणदार आहे, मालक नाही," असं तो सांगायचा. कतारची दोन वर्षं पुरी करायची, गुरांच्या पाण्यासाठी बोअरचा पंप घेऊन गावी जायचं आणि बापाच्या जागी बसायचं, असं त्याने वस्तीला कबूल केलं होतं. त्याचे आठ महिने उरले होते.

त्यांच्याकडे गावाच्या मध्यावर लाकडांचं अर्धगोल कुंपण असतं, त्याला ते खोत्ला म्हणतात. जो तो आपली खुर्ची घेऊन तिथे येतो. कुणीही उठून बोलावं, अगदी राजाला शिव्या घालाव्या. तिथल्या बोलण्याबद्दल कुणाला शिक्षा नाही. राजा सगळ्यांचं ऐकतो आणि शेवटी बोलतो. तो जे बोलतो ते सगळ्यांचं बोलणं, आणि त्याचं जे काय बरंवाईट होईल ते राजाच्या माथी.

"आमच्या चावडीत पाटील पहिला बोलतो," मी म्हणालो, "आणि मग कुणाला बोलायचं उरतच नाही."

तो मांडीवर थाप मारून हसला. मग त्याने पणज्याच्या वेळची गोष्ट सांगितली. गोऱ्यांच्या एका कंपनीला त्यांचा मुलूख हवा होता. तेव्हा त्यांचे तीन राजे बोटीने विलायतेला गेले, गावोगाव सभा घेतल्या, राणीला भेटले आणि कंपनीच्या हाती आम्हाला देऊ नका म्हणाले.

"मग? ऐकलं का राणीने?"

"थोडं ऐकलं. रेल्वेसाठी जमिनीची एक पट्टी गेली. बाकीचा मुलूख राहिला."

मी आपला ऐकून घ्यायचो. मुळात मी भित्रा. पासपोर्ट कंपनीच्या कपाटात, घरी म्हातारे आईबाप, आणि साहेबाने हाक मारली की हातातला चहा टाकून मी धावायचो. कंपनीपुढे उभं राहण्याच्या गोष्टी मला गोष्टी म्हणूनच बऱ्या वाटायच्या.

त्या उन्हाळ्यात तेलाच्या जुन्या टाकीतला गाळ काढायचं काम निघालं. टाकी म्हणजे घराएवढी, आत शिरायला एक भोक, आणि आत गॅस. हवा खेळवायला पंखा लावायला हवा होता, तोंडाला मास्क हवे होते. दोन्ही नव्हते. गुरुवारी दुपारी मालवणकडचा गावडे आत कोसळला. दोरी बांधून त्याला ओढून काढला तेव्हा त्याचे डोळे पांढरे झाले होते. तो वाचला, पण फोरमन म्हणाला, "यल्ला, चलो, परसों फिर शुरू." कॅम्पावर अशी भीती बसली की संध्याकाळी कुणी पत्तेसुद्धा काढले नाहीत. शनिवारी टाकीत कोण उतरणार, हा एकच विचार सगळ्यांच्या डोक्यात.

शुक्रवारी, सुटीच्या दिवशी सकाळी, पाटील जेवणाच्या शेडमध्ये आला आणि खुर्ची टाकून बसला. "सगळ्यांनी बोला. कळंब लिहून घेईल."

कामगारांनी असं जमणं म्हणजे तुरुंग नाहीतर परतीचं विमान, हे त्या देशात मुंगीलाही ठाऊक होतं. पण नाही म्हणायलाही धीर लागतो, तो माझ्याकडे नव्हता. मी मोडक्या इंग्रजीत लिहायला बसलो.

"माका परत थंय जावचा नाय," गावडे म्हणाला आणि रडायला लागला. लातूरचा वेल्डर म्हणाला, "आमाला काय जीव नाही का?" एकेक करून अकरा जण बोलले. पाटील एकेकाकडे बघत होता, मध्ये कुणाला तोडत नव्हता. शेवटी तो उठला. पंखा आणि मास्क येईपर्यंत टाकीत कुणी उतरणार नाही, हे सगळ्यांचं म्हणणं त्याने चार वाक्यांत सांगितलं.

मग त्याने माझा कागद घेतला आणि त्याचा चेहरा उतरला. मी हजेरी मांडणारा माणूस. सवयीने प्रत्येक बोलण्यापुढे बोलणाऱ्याचं नाव आणि कामगार नंबर टाकला होता.

"खोत्लात बोलणाऱ्याचं नाव लिहीत नाहीत, कळंब. हे जाळ. फक्त माझं बोलणं लिही."

मी चार वाक्यांचा नवा अर्ज लिहिला. खाली त्याने एकट्याने सही केली. पहिला कागद मात्र मी जाळला नाही. कारकुनाच्या हातून लिहिलेला कागद जाळवत नाही, तो घडी होऊन खिशातच राहिला.

शनिवारी अर्ज गेला आणि टाकीसमोर माणसं नुसती उभी राहिली. दहाच्या सुमाराला साहेबाने मला बोलावलं. केबिनमध्ये एक पोलीस बसला होता. साहेबापेक्षा त्याचीच मला जास्त भीती वाटत होती.

"हे अक्षर तुझं," साहेब म्हणाला. "सभेत कोण कोण बोललं? नावं दे, नाहीतर आज तू यांच्याबरोबर जाशील."

आता सांगायला लाज वाटते. मी खिशातून तो कागद काढला आणि टेबलावर ठेवला. कुणी मारलं नाही, कुणी दुसऱ्यांदा विचारलंही नाही. साहेब चष्मा शोधत होता. मला अकरा जणांचे चेहरे दिसत होते आणि तरी मी कागद परत उचलत नव्हतो.

तेवढ्यात दार उघडून पाटील आत आला. त्याला कुणी बोलावलं नव्हतं. त्याने टेबलाकडे पाहिलं, मग माझ्याकडे. माझं अक्षर तो ओळखत होता. त्याने कागद उचलून आपल्या खिशात घातला.

"हा माझा कागद आहे," तो साहेबाला म्हणाला. "याला लिहायला मी सांगितलं. माणसांना मी जमवलं. सही माझी आहे."

"बाकी कोण बोललं?"

"मी बोललो."

साहेबाला एक माणूस हवा होता, तो मिळाला. अकरा जणांना हाकललं असतं तर काम बंद पडलं असतं, हे त्यालाही कळत होतं. चष्मा सापडला तो त्याने खिशात ठेवला आणि फोन उचलला.

दोन दिवस पाटील गेटवरच्या केबिनमध्ये बंद होता. त्याच दोन दिवसांत कंपनीच्या अल रय्यानमधल्या ऑफिसातून पंखा आला. मास्क चारच आले. माणसं पाळीपाळीने टाकीत उतरली, गावडेसुद्धा उतरला, आणि सगळे बाहेर आले.

आठ महिने बाकी असतानाच पाटलाची हकालपट्टी झाली, आणि सोमवारी सकाळी त्याला विमानतळावर न्यायला पिकअप आली. पासपोर्ट नेऊन द्यायचं काम माझ्याकडे, कारण कागदपत्रांचा माणूस मीच. पोलीस ड्रायव्हरशेजारी बसलेला. दोन रात्री मी माफीची वाक्यं जुळवली होती, पण पुढे केला तो फक्त पासपोर्ट. पाटलाने पासपोर्ट घेतला आणि माझा दंड धरला.

"माझ्याकडून एक चूक झाली, कळंब," तो म्हणाला. "शुक्रवारी सगळ्यांना विचारलं, तुला विचारायचं राहिलं. तू लिहीत होतास म्हणून. मुखियाने असं करू नये. आता बोल, मी ऐकतो."

ड्रायव्हरने हॉर्न वाजवला. पाटील हलला नाही.

"मला फार भीती वाटते," मी म्हणालो. एवढंच जमलं.

त्याने माझा दंड सोडला नव्हता. उलट पकड आणखी घट्ट केली.

"मलाही," तो म्हणाला, आणि गाडीत चढला.