अडीच घरांचा राजा

मध्यप्रांत-वऱ्हाडातून तो एकटाच मुंबईच्या बुद्धिबळ स्पर्धेला निघाला होता. मलकापूर स्टेशनवर गाडीची वाट पाहताना आम्ही डाव मांडला. प्रत्येक मोहरं उचलण्याआधी तो कुरवाळायचा. मी त्याचा राजा कोंडत आणला, तर त्यानं तो घोड्यासारखा अडीच घरं उडवला आणि डाव माझ्यावर उलटला.

"विलायती नियमांत हे चालत नाही. स्पर्धेत राजा हत्तीआड जातो," हरता हरता मी विद्वत्ता पाजळली.

"काऊन? आपला राजा एकदा तरी उडते. त्याईचा लपते?" तो हसला. "असा राजा मले नाही खेळवता येत, बाप्पा."

गाडी आली. मी विनवत राहिलो, पण त्यानं पट गुंडाळून गावाची वाट धरली.

मोठ्या खेळाडूंचे पराक्रम वाचताना त्यांत एक नाव कमी वाटतं. ते विचारायचंही मला सुचलं नव्हतं.