पावणेचारांतून पाऊण

“तुक्का तो हमारा चपरासी भी मार लेता है,” प्रिन्सिपलबाई माझ्या बाबांना म्हणाल्या. मी शेजारच्या खुर्चीत होते.

नव्वदीनंतरची वर्षं. गाझियाबादेत शेतं बुजवून नवी वसाहत उठली होती आणि तिच्यात ही नवी इंग्रजी शाळा. बाबा दिल्लीत सरकारी गेस्टहाउसवर ड्रायव्हर. सहावीत सीट हवी तर मुलीबरोबर बापाचीही मुलाखत. साहेबांनी दिलेला जुना कोट घालून बाबा आले होते.

“घर में मैथ्स कौन पढ़ाएगा?” बाईंनी विचारलं. बाबा म्हणाले, “मैं.” बाईंना हसू आलं. त्यांनी पुस्तकातलं गणित वाचलं. एका संख्येत पाऊण मिळवले, त्यातून दीड वजा केले, उरले सव्वादोन. संख्या कोणती?

“तीन,” बाबा म्हणाले. बाईंचं वाचून होतं न होतं तोच.

सव्वादोन आणि दीड, पावणेचार. त्यातून पाऊण गेले, तीन. पाऊण, दीड, अडीचचे पाढे बाबांना तोंडपाठ. गावच्या शाळेत दाराबाहेर बसवत त्यांना. तिथून ऐकून ऐकून पाठ केलेले. मला अपूर्णांक त्यांनीच शिकवले होते.

बाईंनी कागद पुढे केला. स्टेप्स लिहा म्हणाल्या. बाबांनी नुसता तीन लिहिला. तेव्हा ते वाक्य आलं, की अंदाजाने तर आमचा चपराशीही उत्तर ठोकतो. मग बाई माझ्याकडे वळल्या. “बेटा, सच बताओ. पापा को आता है, या तुक्का था?”

बाईंना काय ऐकायचंय ते दिसत होतं, आणि मला ती शाळा हवी होती. टाय, बस, सगळंच हवं होतं.

“तुक्का था, मैम.”

मग मी चारचा छेद घेऊन नीट स्टेप्स लिहिल्या. उत्तर तीनच आलं. मला शाबासकी मिळाली, सीट मिळाली. बसमध्ये बाबा म्हणाले, “बरं केलंस.” एवढंच. त्यानंतर घरात त्यांनी पाढा म्हटला नाही. माझी वही उघडली नाही.

महिनाभराने बाई नव्या पालकांना घेऊन वर्गात आल्या. मला उभं केलं. “इसके फादर ड्राइवर हैं. तुक्के से जवाब देते हैं. मेथड हमने सिखाया.”

मी बोलले. “तुक्का नहीं था, मैम. पापा को आता है. मुझे उन्होंने ही सिखाया. झूठ मैंने बोला था.”

“सिट डाउन.”

मी बसले नाही. तास संपेपर्यंत उभी राहिले.

संध्याकाळी बाबांना सगळं सांगितलं. ते म्हणाले, “जाऊ दे गं. लहान आहेस.”

मी लहान नव्हते. खोटं बोलण्याइतकी मोठी होते. आज मी गणित शिकवते, आणि ‘तुक्का था’ हे दोन शब्द अजून माझ्या तोंडात कडू आहेत. बाबांनी माफ केलं असेल. मी केलेलं नाही. मी जाऊ देणार नाही. स्वतःला नाही, आणि पोरीला बापाविरुद्ध साक्ष द्यायला लावणाऱ्यांना तर नाहीच.